खरवडलेले आकडे

माझ्या खिशात एक चाकू असायचा. दोन पात्यांचा, शिंगाच्या मुठीचा. मोठ्या पात्याने मी पेन्सिली तासायचो आणि लहान पात्याने शाई खरवडायचो. ही मास्तरांची कला आहे, इतरांना ती सहसा साधत नाही. पातं आडवं धरून कागदाचा वरचा पापुद्रा तेवढा उचलायचा, भोक पडू द्यायचं नाही. मग त्या जागी अंगठ्याचं नख घासून कागद घोटायचा, नाहीतर नवी शाई पसरते. नीट घोटलं तर तपासायला आलेल्या साहेबालाही कळत नाही. आयुष्यात मला एवढी एकच गोष्ट उत्तम जमली, आणि तिनेच माझा घात केला.

मी तेव्हा चौलच्या खाडीकाठी मराठी शाळेत मास्तर होतो. साल सत्तावीस-अठ्ठावीसचं असेल. त्याआधी मुंबईला दोन वर्षं कॉलेजात शास्त्र शिकलो होतो, वडील गेले आणि शिक्षण तिथेच थांबलं. अर्धवट शिकलेल्या माणसाइतका अहंकार पूर्ण शिकलेल्यालाही नसतो. वर्गात पोरांना सात नव्वे त्रेसष्ट घोकायला लावायचं आणि मनात म्हणायचं, तुमचा मास्तर इथला नव्हे, चुकून इथे अडकलाय. त्या दिवसांत वर्तमानपत्रांत आपल्याकडच्या शास्त्रज्ञांचं कौतुक यायला लागलं होतं. मी ती कात्रणं कापून ठेवायचो. वाचताना अभिमान वाटायचा असं मी इतरांना सांगायचो. खरं म्हणजे पोटात दुखायचं.

आमचं भाड्याचं घर एका नारळी-पोफळीच्या वाडीच्या टोकाला होतं. मागचं दार उघडलं की दहा-बारा पावलांवर खाडीत उतरणाऱ्या जुन्या दगडी पायऱ्या. कोणे एके काळी तिथे मोठी गलबतं लागायची म्हणे, आता बायका भांडी घासायच्या. त्या पायऱ्या आणि ते पाणी रोज बघून बघून एक दिवस मला वाटलं, आपली प्रयोगशाळा ही इथेच आहे. यंत्र नको, परवानगी नको. पाणी दिवसातून दोनदा चढतं, दोनदा उतरतं. ते मोजायचं, आणि त्यातून नियम काढायचा.

मासेमारीच्या एका मोडीत काढलेल्या मचव्याचा लाकडी खांब मी मिळवला. त्यावर दर दोन इंचांना एक तांब्याचा खिळा ठोकला, दर दहाव्या खिळ्यावर खाच पाडली, आणि पायऱ्यांच्या कडेला तो पक्का उभा केला. पाणी कितव्या खिळ्यापर्यंत चढलं ते भरतीच्या वेळी बघायचं आणि वहीत लिहायचं. भांगाची भरती असली, म्हणजे अष्टमी-नवमीच्या आसपासची लहान भरती, की पाणी बारा-तेरा खिळ्यांवर थांबायचं. उधाण असलं की चाळीसपर्यंत जायचं.

अडचण एकच होती. भरती काही शाळेची वेळ बघून येत नाही. अकरा ते पाच मी पोरांच्या तावडीत. तेव्हा दिवसाच्या भरत्या बघायचं काम मी बायकोला दिलं.

तिला मी लग्नानंतर लिहायला शिकवलं होतं. अक्षर गोल, शाळकरी, पण आकडे स्वच्छ. मी तिला सांगितलं, खिळे मोजायचे, वहीत तिथी, वेळ आणि खिळे लिहायचे, बाकी डोकं चालवायचं नाही. ती म्हणाली, "बरं." तिने डोकं चालवलं होतं हे मला चार वर्षांनी कळलं, पण ते पुढे येईल.

पहिलं वर्ष फार चांगलं गेलं. संध्याकाळी मी घरी आलो की ती वही पुढे ठेवायची आणि मी आकडे वाचायचो. जेवताना आमचं बोलणं भरतीवर असायचं. आमच्या घरात तोवर नवरा-बायकोने बोलण्यासारखं फारसं काही नव्हतं, मूलबाळही नव्हतं. ती सांगायची, "आज पाणी वर येऊन बराच वेळ थांबलं होतं, जायलाच तयार नव्हतं." मी म्हणायचो, पाणी तयार असतं-नसतं असं नसतं, वेळ लिही. ती हसायची आणि दुसऱ्या दिवशी वेळ लिहायची.

वर्ष संपता संपता मला भरतीच्या वेळेचा नियम सापडला. अमावास्येला आणि पौर्णिमेला भरती बाराच्या सुमाराला. त्यानंतर जी तिथी असेल तिची पाऊणपट करायची, तेवढ्या तासांनी भरती. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा वाजता. मी शंभर ठिकाणी ताळा पाहिला, बसला. त्या सकाळी मी ओटीवर नुसता येरझारा घालत होतो. पोरांना मी वर्गात सांगायचो ती झाडावरून फळ पडल्याची गोष्ट मला आठवली आणि वाटलं, माझंही फळ पडलं.

तेवढ्यात मासळीवाली आली. गेली कित्येक वर्षं आमच्याकडे तीच यायची. टोपली ओटीच्या कडेला टेकवून ती बायकोशी भाव करत होती. माझ्याने राहवेना. मी तिला म्हटलं, मावशी, तुम्हाला एक गंमत सांगतो, कधी कुठली भरती किती वाजता येणार ते मी आता घरात बसून सांगू शकतो. आणि नियम सांगितला.

तिने बोंबलांवरचा हात न काढता ऐकून घेतलं. "तिथीची पाऊणपट," ती म्हणाली. "ते आमच्या लहान पोरीलापन ठावं हाय, मास्तर. न्हायतर होडी ढकलायची कवा?"

बायको हसली. त्या हसण्यात काही वाईट नव्हतं, कुणीही हसलं असतं. पण ते हसू मी विसरलो नाही. चार पिढ्यांपूर्वीपासून सगळा किनारा जे तोंडपाठ म्हणतो ते शोधायला मला वर्षभर खिळे मोजावे लागले, कारण विचारावं कुणाला तर मासळीवालीला, आणि विचारणार कोण तर मी. मी कॉलेजात गेलेला माणूस. विचारण्यात कमीपणा होता, मोजण्यात नव्हता.

मग मी हट्टाला पेटलो. वेळ त्यांना माहीत असेल, उंची नसेल. कुठल्या महिन्यात, कुठल्या तिथीला पाणी नेमकं कितव्या खिळ्याला लागेल, याचा नियम मी काढणार. पहिल्या वर्षाचे आकडे घेऊन मी सहा महिने बसलो. कोष्टकं मांडली, आलेख काढले, दिवसाची भरती आणि रात्रीची भरती यांतला फरक महिन्यागणिक कसा बदलतो ते लावून घेतलं. आणि नियम बसला. बहुतेक दिवशी एखाद्या खिळ्याच्या फरकाने बसत होता. वाऱ्यापावसाचे दिवस बसत नव्हते, त्यांच्यापुढे मी 'वारा' असा शेरा मारला आणि ते बाजूला काढले. तेवढं रास्त होतं.

उरले काही थोडे दिवस. ते बहुतेक चैत्र-वैशाखातले. वारा नाही, आभाळ निरभ्र, तरी वहीत पाणी नियमापेक्षा तीन-चार खिळे वर. आणि ते सगळे दिवसाचे आकडे होते. म्हणजे तिचे.

पहिल्या वर्षी नियम नव्हता, म्हणून तिचा एकही आकडा चुकला नव्हता. नियम आल्यावर ती चुकायला लागली.

मी तिला विचारलं, त्या दिवशी तू खांबापाशी उभी होतीस का? ती म्हणाली, "उभी नव्हते, पण आकडा बरोबर आहे." मी म्हटलं, उभी नव्हतीस तर आकडा आला कुठून? ती काहीतरी सांगायला लागली, राख, चूल असलं काही. मी म्हटलं, चुलीचं मला सांगू नकोस. शास्त्रात अंदाज चालत नाही. मग चाकू काढला, लहान पातं उघडलं, आणि तिच्यादेखत एकतीसचा आकडा खरवडून तिथे सत्तावीस लिहिला. तिच्या अक्षरासारखा गोल काढला, वही एकसारखी दिसावी म्हणून.

मुलांच्या वह्यांत मी हेच करायचो. उत्तर मला माहीत आहे, तेव्हा मुलाची रीत चुकली असणार. मास्तरकीत हे खपतं, कारण गणितं आधीच कुणीतरी सोडवलेली असतात. खाडीचं गणित कुणी सोडवलेलं नव्हतं. तिथे मी उत्तर आधी ठरवलं आणि पाण्याला नापास केलं.

दुसऱ्या वर्षीच्या वैशाखात एक गोष्ट झाली. बायकोने कुरडया घातल्या होत्या आणि त्या चटयांवर वाडीच्या कडेला, पायऱ्यांच्या वर वाळत ठेवल्या होत्या. मी घरी आलो तर ती चिंब पदराने दोन चटया झाडत होती, तिसरी वाहून गेली होती. "पाणी वरपर्यंत आलं," ती म्हणाली. "वारा एवढासुद्धा नव्हता. हळूच फुगलं, खाली गेलं, पुन्हा फुगलं. मासळीवाली म्हणते असं होतं. वैशाखात कधी कधी वारा नसतानाही दर्या फुगतो म्हणते, लांबून काहीतरी आणतो."

मी म्हटलं, तू चटया खाली ठेवल्या असशील. आणि मासळीवालीवर नियम बांधायचे झाले तर मी कॉलेजात कशाला गेलो होतो?

त्या दिवसाचा तिचा आकडा चाळीसच्या वर होता. नियमाने छत्तीस हवा होता. मी खरवडला. कुरडयांची चटई मात्र मला खरवडता आली नाही. पण ती वहीत नव्हती.

त्यानंतर वर्षा-दीड वर्षात मी वीस-पंचवीस ठिकाणी तरी पातं चालवलं असेल. पहिल्या वर्षीच्या वहीतले उरलेले आकडेही मागे जाऊन बदलले, कारण नियमावर निबंध लिहून पाठवला की वह्याही कुणीतरी तपासायला मागणार. ती समोर बसून निवडणं-टिपणं करायची आणि मी खरवडायचो. सुरुवातीला ती म्हणायची, "तो बरोबर होता हो." मग नुसती बघायची. मग बघेनाशी झाली.

आणि मग तिचे आकडे सुधारले. चौथ्या वर्षी तर तिची वही इतकी निर्मळ होती की मला चाकू काढावाच लागला नाही. उगाच कुठे एखाद्या खिळ्याचा फरक. मी एका शिक्षक मित्राला कौतुकाने सांगितलं, माझ्या हाताखाली अडाणी बाईसुद्धा शास्त्रीय निरीक्षण करायला शिकली. हे वाक्य मी तिच्यासमोर बोललो. ती चहा ठेवून आत गेली.

निबंध मी सुवाच्य अक्षरात इंग्रजीत लिहिला आणि मुंबईच्या एका सरकारी कचेरीकडे पाठवला. हवा आणि समुद्र यांच्या नोंदी ठेवण्याचं काम तिथे चालायचं. चार महिने मी टपालवाल्याच्या वाटेकडे डोळे लावून होतो. दोन ओळींचं उत्तर आलं. पोच मिळाली, निबंध संबंधितांकडे दिला आहे. ते पत्र मी घडी घालून कात्रणांत ठेवलं आणि शाळेत तीनदा दाखवलं.

पुढच्या हिवाळ्यात त्या कचेरीतला एक माणूस खरोखरच आला. त्याला किनाऱ्यावरच्या दोन-चार जागा बघायच्या होत्या, वाटेत आमच्याकडे थांबला. माझ्यापेक्षा वयाने लहान, मराठी, डोक्यावर टोपी, बुटांना खाडीचा चिखल. नावाला साहेब पण वागायला साधा. मी त्याला ओटीवर बसवलं, नियम समजावून सांगितला, आलेख उलगडले. तो शांतपणे ऐकत होता. मला वाटलं, आता शाबास म्हणेल.

तो म्हणाला, "मास्तर, मेहनत मोठी आहे तुमची. पण भरतीचा हिशेब आता यंत्राने होतो. मुंबई बंदराच्या भरत्यांचं वर्षभराचं पुस्तक आगाऊ छापून मिळतं. त्यावरून इथलीही बरीचशी काढता येते."

मला हे माहीत नव्हतं. रेवसहून बोट पकडली की काही तासांत जिथे पोचता येतं तिथे छापलेलं पुस्तक मिळत होतं, आणि मी चार वर्षं खिळे मोजत होतो. मासळीवालीने एकदा पाणी पाजलं होतं, आता साहेबाने पाजलं.

माझा चेहरा पाहून असेल, पण तो म्हणाला, "तुमचा नियम मला नवा नाही. मला नियम मोडल्याचे दिवस हवे आहेत. कधी कधी वारा-वादळ काही नसताना पाणी हिशेबापेक्षा वर चढतं, असं दक्षिणेकडच्या दोन बंदरांवरून कानावर आलंय. ते कुठून येतं कुणाला ठाऊक नाही. दूरवरच्या वादळाचा रेटा असेल, दुसरंही काही असेल. या भागातली रोजची नोंद ठेवणारं तुमच्याशिवाय आम्हाला कुणी सापडलं नाही. म्हणून तर मी इथे वाकडी वाट करून आलो. चैत्र-वैशाखाची पानं दाखवता?"

मी वह्या दिल्या. दुसरं काय करणार? तो पानं उलटत होता आणि त्याच्या कपाळावर आठी चढत होती. "सगळं बसतंय," तो म्हणाला. "फारच बसतंय." मग तो थांबला. एका आकड्यावर त्याने बोट फिरवलं. बोटाला काहीतरी लागलं असावं. त्याने ते पान उचललं आणि अंगणाकडून येणाऱ्या उजेडासमोर धरलं.

पानावर उजेडाचा एक ठिपका उमटला. मग पुढच्या पानावर दोन. जिथे जिथे मी खरवडलं होतं तिथे तिथे कागद पातळ झाला होता आणि उजेड आरपार येत होता. घोटण्याच्या माझ्या कलेला एवढीच मर्यादा होती, वही टेबलावर हवी.

"इथे आधी काय होतं?" त्याने विचारलं.

मी म्हटलं, मोजणीतल्या चुका होत्या. दुरुस्त केल्या.

"कुणाच्या चुका?"

मी आत हाक मारली. ती आली, दाराच्या आड उभी राहिली. त्याने फार अदबीने विचारलं, "वहिनी, तुम्ही पाणी मोजायचा कसं?" आणि मग तिने ते सांगितलं, जे मी कधी ऐकून घेतलं नव्हतं. भरतीच्या वेळी घरात कामं असायची, मुहूर्तासारखं जाऊन उभं राहणं जमत नसे. म्हणून ती सकाळीच चुलीतली राख भाताच्या पेजेत कालवून खांबावर उभा पट्टा ओढायची. पेजेमुळे राख वाऱ्याने जायची नाही, पाण्याने मात्र धुऊन जायची. भरती येऊन गेली की जिथपर्यंत राख गेली तिथपर्यंत पाणी. आरामात मोजायचं. पेज दाट झाली तर राख धुतली जात नाही आणि पातळ झाली तर आधीच गळते, ते प्रमाण तिला आठ-पंधरा दिवस घालवून बसवावं लागलं होतं.

तो माणूस पुढे सरकून बसला. तासभर माझा नियम ऐकताना तो एकदाही पुढे सरकला नव्हता. "हे तुम्हाला कुणी शिकवलं?"

"कुणी नाही," ती म्हणाली. "भांड्यांवरून सुचलं."

मी त्या ओटीवर बसून होतो आणि मला तिचा राग आला. खरंच सांगतो, राग आला. लाज नंतर आली, बरीच नंतर.

त्याने शेवटची वही उघडली, चौथ्या वर्षीची, जिच्यात एकही ठिपका नव्हता. "यात काही खरवडलेलं नाही. पण समुद्र इतका आज्ञाधारक नसतो. वहिनी, हे आकडेही राखेचेच का?"

 ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "नाही. यांना रोज खरवडत बसावं लागायचं. डोळे दुखायचे यांचे. कोष्टक भिंतीवर लावलेलंच होतं. तिथी बघायची आणि त्यातला आकडा लिहायचा. एखादा इकडेतिकडे करायचा, नाहीतर यांना खरं वाटलं नसतं."

 तो पातळ झालेल्या पानांवरून अंगठा फिरवत राहिला. मग विचारलं, त्यातले काही आकडे आठवतात का? तिला आठवत होते. कुरडयांच्या दिवसाचा आठवत होता, शेजारच्या बाईकडे बारसं होतं त्या दिवसाचा आठवत होता. पण तो म्हणाला, आठवणीवरून नोंद होत नाही, त्याच दिवशी लिहिलेलं हवं. त्याच्या आवाजात कठोरपणा नव्हता. तेच जास्त लागलं.

निघताना त्याने पायऱ्यांवर जाऊन खांब पाहिला. म्हणाला, "अजून वेळ गेलेली नाही. येत्या वैशाखात दोघांनी बघा. दोन वह्या करा, एकमेकांना दाखवू नका. एकट्याचा आकडा मी वर पाठवला तर म्हणतील, मास्तर आधी खरवडत होते, आता वाढवून लिहितात. दोघांचे स्वतंत्र आकडे जुळले तर कुणालाही मान्य करावे लागतील." मग दाराकडे बघून म्हणाला, "वहिनींचा आकडा महत्त्वाचा."

मी दोन नव्या वह्या शिवल्या. एक तिच्या हातात दिली. चुकलो म्हणालो का? तसं स्पष्ट म्हणालो नाही. आमच्या पिढीतले नवरे ते म्हणत नसत. मी म्हटलं, आता तू बघशील तेच लिहायचं. ती म्हणाली, "बरं." पहिल्या वर्षी म्हणाली होती तसंच, पण ते तसं नव्हतं.

भिंतीवरचं कोष्टक मी फाडून टाकलं. त्याचा उपयोग नव्हता, तिला ते पाठ झालं होतं.

वैशाख आला. मी शाळेतून रजा काढली. पंधरवडाभर काही घडलं नाही, पाणी नियमाप्रमाणे येत-जात होतं. मग पंचमीचा दिवस उजाडला. आभाळ स्वच्छ, वारा पडलेला, पोफळीचं पान हलत नव्हतं. पंचमीची पाऊणपट म्हणजे पावणेचार. मी तीनपासूनच पायऱ्यांवर जाऊन बसलो. राखेचा पट्टा ओढला होता, मीच. तिला प्रमाण विचारलं तेव्हा ती म्हणाली होती, "अंदाजाने घ्यायचं." माझी पेज पातळ झाली होती, पट्टा दुपारच्या आतच ओघळून गेला होता.

नियमाने पाणी अठ्ठाविसाव्या खिळ्याला थांबायला हवं होतं. ते अठ्ठाविसाला आलं आणि थांबलं नाही. एकही लाट नव्हती. खाडी जशी काही आतून भरत होती. तीस. मग जरा खाली. मग पुन्हा वर, हळूच, तिने सांगितलं होतं अगदी तसंच, आणि बत्तीस. मी खिळे तीनदा मोजले.  माझ्या सगळ्या आयुष्यात एवढी खरी गोष्ट मी दुसरी पाहिली नाही. आणि त्याच क्षणी मला हेही कळत होतं, की हे पाहण्याची मला इतकी हाव आहे की माझ्या डोळ्यांवर मीच विश्वास ठेवू नये.

मी घराकडे धावलो. "अगं, चल," म्हटलं. "खिळे मोज. मी किती मोजले ते सांगत नाही."

ती कणीक मळत होती. हात धुतले, पदराला पुसले, वही आणि पेन्सिल घेऊन माझ्या मागोमाग आली. पायऱ्यांवर उभी राहिली. पाणी अजून तिथेच होतं, खांबाला लागून, कुणालाही दिसेल असं. ती बघत होती. किती वेळ बघत होती मला सांगता येणार नाही. मी तोंड फिरवून उभा होतो, माझ्या चेहऱ्यावरून तिला आकडा कळू नये म्हणून.

मग मागून तिचा आवाज आला. त्यात टोमणा नव्हता. टोमणा असता तर मला सोसला असता. एखादी बाई भाजीत मीठ किती घालू विचारते तेवढ्या सरळपणे ती म्हणाली, "किती लिहू?"

मी सांगितलं नाही. पाणी हळूहळू उतरलं आणि ती कणकेकडे परत गेली. माझ्या वहीत त्या पंचमीपुढे बत्तीस लिहिलेलं आहे. तिच्या वहीतला रकाना कोरा आहे.